मोटर खरंच चालू झाली का?

निपाणी, चिकोडी, सदलगा या पट्ट्यात नदीकाठाने चालत गेलं की दर थोड्या अंतरावर एक मोटर दिसते. दूधगंगा आणि वेदगंगा कोल्हापूरकडच्या डोंगरांतून येतात, इथली शिवारं भिजवतात आणि पुढे कृष्णेला जाऊन मिळतात. ऊस असो की भाजीपाला, पाणी उचलायचं ते या मोटरींनीच. कर्नाटकात 10 एचपीपर्यंतच्या शेतीपंपाला वीज मोफत आहे. पण थ्री फेज लाईट दिवसाला साधारण 7 तास मिळते, आणि तीही पाळीने: कधी दिवसा, कधी ऐन मध्यरात्री. घरापासून मोटर दोन-तीन किलोमीटरवर, वाटेत चिखल आणि उसाच्या कडेला साप. लाईट आली की जायचं, गेली की परतायचं, पुन्हा आली की पुन्हा जायचं. या भागातल्या कितीतरी घरांतल्या बापांची आणि थोरल्या मुलांची झोप या खेपांत गेली आहे.

स्टार्टरच्या शेजारी बसवतात ती मोबाईल स्टार्टरची पेटी याच त्रासातून आली. आत एक सिमकार्ड, मोबाईलचा मोडेम, हिशेब ठेवणारी एक छोटी चिप आणि स्टार्टरचं बटण दाबल्यासारखं काम करणारा रिले. घरून फोन लावायचा, मोटर चालू. या कल्पनेला ज्यांनी सर्वांत आधी नेटाने हात घातला त्यांत पुण्याचे अभियंते संतोष ओस्तवाल होते. त्यांच्या ‘नॅनो गणेश’ या यंत्रणेत शेतकरी पंपाजवळच्या मोबाईलला फोन करतो, ठरलेले आकडे दाबतो आणि उलट येणाऱ्या आवाजावरून लाईट आहे का, मोटर चालू आहे का ते ओळखतो. 2009 साली नोकियाच्या जागतिक स्पर्धेत तिला पारितोषिक मिळालं. आज तशा पेट्या अनेक कंपन्या करतात. बेळगावचं विश्वेश्वरय्या तांत्रिक विद्यापीठ ज्यांना पदवी देतं त्या अभियांत्रिकी महाविद्यालयांत शेवटच्या वर्षाच्या प्रोजेक्टसाठीही हा आवडता विषय आहे.

प्रोजेक्टच्या टेबलावर ही पेटी बहुतेक वेळा चालते. तिथे नेटवर्क भरपूर असतं, लाईट स्थिर असते आणि मोटरच्या जागी एक बल्ब असतो. नदीकाठावर मात्र बल्ब नसतो, 5 एचपीची मोटर असते. घरातला स्मार्ट दिवा चुकला तर थोडा वेळ अंधार होतो. ही पेटी चुकली तर मोटरचं वाइंडिंग जळतं, ऊस तहानतो किंवा पाइपाच्या टोकाचा फुटव्हॉल्व्ह साफ करायला पाण्यात उतरलेल्या माणसाच्या जिवावर बेततं. म्हणून या पेटीच्या सॉफ्टवेअरकडे मी फार गांभीर्याने बघतो. नेटवर्क गेलं, लाईट फडफडली, मेसेज उशिरा आला, तर काय करायचं हे कुणीतरी आधी बसून ठरवलेलं असायला हवं. जे ठरवलेलं नसतं ते पेटी आपल्या मनाने करते, आणि पेटीला मन नसतं.

सीमाभागापासूनच सुरुवात करू, कारण इथे एक अडचण अशी आहे जी पुण्यात किंवा बंगळुरात बसलेल्या प्रोग्रामरला सहसा दिसत नाही. मोबाईलच्या नकाशावर महाराष्ट्र-गोवा हे एक सर्कल आहे आणि कर्नाटक हे दुसरं. नदीच्या अल्याड निपाणी तालुका, पल्याड कागल. टॉवरच्या लहरी कोगनोळीच्या टोलनाक्यावर थांबत नाहीत. कर्नाटकाचं सिम घातलेली पेटी काठावर बसवली आणि पलीकडचा टॉवर जास्त जोरात ऐकू आला, तर ती त्याला जाऊन चिकटते.

पेटीच्या आतली चिप मोडेमशी ‘एटी’ आज्ञांच्या भाषेत बोलते. ही भाषा 1981 सालच्या हेज कंपनीच्या मोडेमपासून चालत आली आहे. चिप अधूनमधून मोडेमला विचारते, नेटवर्कवर नोंद झाली का? मोडेम एक आकडा सांगतो. 0 म्हणजे नोंद नाही आणि शोधही चालू नाही, 1 म्हणजे घरच्या नेटवर्कवर आहे, 2 म्हणजे शोधतो आहे, 3 म्हणजे नेटवर्कने नाकारलं आणि 5 म्हणजे रोमिंगवर आहे. आता समजा प्रोग्रामरने लिहिलं की उत्तर 1 आलं तर नेटवर्क आहे, नाहीतर मोडेम बंद करून पुन्हा चालू करा. त्याच्या शहरात उत्तर कायम 1 येतं, चाचणी उत्तम पार पडते. दूधगंगेच्या काठावर उत्तर 5 येतं. नेटवर्क आहे, फोन लागू शकतो, पण पेटीला वाटतं की काहीच नाही. ती मोडेम बंद करते, चालू करते, शोधते, पुन्हा 5 दिसतो, पुन्हा बंद. शेतकऱ्याच्या हातातल्या मोबाईलवर सिग्नलच्या सगळ्या कांड्या दिसत असतात आणि पेटी मात्र ‘स्विच ऑफ’. मग दोष सिमला जातो, कंपनीला जातो, अँटेनाला जातो. दुरुस्ती एका ओळीची असते: 1 किंवा 5. ती ओळ सुचायला आपलं यंत्र सीमेवरही बसणार आहे हे आधी डोक्यात यावं लागतं.

नंबरांचंही तसंच. पेटीत मालकाचा नंबर साठवलेला असतो, म्हणजे दुसऱ्या कुणी फोन केला तर मोटर हलू नये. पण तोच नंबर कधी नुसते दहा आकडे म्हणून येतो, कधी पुढे शून्य लागून, कधी प्लस एक्याण्णव लागून. अक्षर-अक्षर जुळवणारी पेटी मालकालाच परका ठरवते. शेवटचे दहा आकडे जुळवणारी पेटी ओळखते.

आता मेसेजकडे वळू. एसएमएस म्हणजे फोनवरचं बोलणं नव्हे. तो आधी कंपनीच्या मेसेज सेंटरकडे जातो, तिथे साठतो आणि समोरचा मोबाईल सापडला की पुढे जातो. समोरचा सापडला नाही तर सेंटर काही तास, कधी त्याहूनही जास्त वेळ तो धरून ठेवतं आणि पुन्हा पुन्हा प्रयत्न करतं. समजा संध्याकाळी गावाकडचा टॉवर बंद पडला. शेतकऱ्याने मोटर चालू करण्याचा मेसेज पाठवला, उत्तर आलं नाही. पुन्हा पाठवला, तिसऱ्यांदाही पाठवला. शेवटी बॅटरी घेऊन स्वतः गेला, मोटर हाताने चालू केली, सरी भिजवल्या, मोटर बंद करून घरी येऊन झोपला. रात्री दोनला टॉवर जिवंत झाला आणि तिन्ही मेसेज एकामागून एक पेटीत उतरले.

पेटी एकाच आदेशाने मोटर ‘उलटी’ करत असेल, म्हणजे चालू असेल तर बंद आणि बंद असेल तर चालू, तर तीन मेसेजनी मोटर चालू होईल, बंद होईल आणि पुन्हा चालू होईल. मिस्ड कॉलवर चालणाऱ्या पेट्यांचं मूळ दुखणं हेच आहे. मिस्ड कॉलला पैसे पडत नाहीत म्हणून तो सगळ्यांना आवडतो, पण त्यातून फक्त कुणी फोन केला एवढंच कळतं, काय हवं ते कळत नाही. आदेश नेहमी ‘चालू कर’ किंवा ‘बंद कर’ असा पूर्ण असावा, म्हणजे तो तीनदा आला तरी परिणाम एकदाच आल्यासारखा होतो. पण तेवढ्याने भागत नाही, कारण ‘चालू कर’ हा पूर्ण आदेशही रात्री दोनला आला तर मोटर चालू होतेच. त्यावरचा उपाय प्रत्येक एसएमएसच्या पोटातच असतो: मेसेज सेंटरने मारलेला वेळेचा शिक्का. पेटीने तो वाचावा, आपल्या घड्याळाशी ताडून पाहावा, आणि आदेश दहा मिनिटांहून जुना असेल तर तो न पाळता मालकाला तसं कळवावं. आदेशाला मुदत हवी.

4जी आल्यावर नव्या पेट्या फोन किंवा एसएमएसऐवजी इंटरनेटवरून बोलू लागल्या. जिओच्या जाळ्यात 2जी मुळातच नाही, त्यामुळे जुन्या पेटीत ते सिम घालून अनेकांनी हात टेकले. नव्या पेट्यांतल्या बऱ्याच जणी एमक्यूटीटी नावाच्या पद्धतीने संदेश देतात. ही पद्धत 1999 साली अँडी स्टॅनफर्ड-क्लार्क आणि आर्लेन निपर यांनी तेलाच्या दूरवरच्या पाइपलाइनींवर नजर ठेवण्यासाठी तयार केली. माणूस लांब, जोडणी कच्ची आणि उपग्रहावरचा प्रत्येक अक्षराचा खर्च मोठा, अशी ती परिस्थिती होती. तिच्यात दोन गोष्टी आपल्या कामाच्या आहेत. संदेश पोचला तर पोचला, किमान एकदा पोचलाच पाहिजे, किंवा नेमका एकदाच पोचला पाहिजे, यातलं काय हवं ते पाठवणाराच निवडतो. आणि पेटी जोडली जातानाच मधल्या सर्व्हरकडे एक शेवटचा निरोप ठेवून देते, की मी न सांगता गायब झाले तर हा मालकाला द्या. त्यामुळे पेटी गप्प झाली तरी घरी कळतं. खूप दिवस काहीच न कळवणारी पेटी ठीक आहे की मेली आहे, हा प्रश्न शेतकऱ्याच्या माथी राहत नाही.

या लेखाचा सर्वांत महत्त्वाचा भाग मला वाटतो तो आता येतो. ‘मोटर चालू झाली’ असा मेसेज घरी येतो. तो कशाच्या आधारावर येतो? स्वस्त पेटी रिलेला हुकूम दिला की लगेच असा मेसेज पाठवून मोकळी होते. रिले ओढला गेला असेलही, पण फ्यूज उडाला असेल, स्टार्टरची कॉइल गेली असेल, तीनपैकी एक फेज नसेल. शेतकरी मेसेज वाचून निवांत झोपतो आणि सकाळी सरी कोरडी. चांगली पेटी मोटरच्या वायरीवर एक छोटी कडी बसवते, तिच्यातून प्रत्यक्ष करंट मोजते आणि मगच बोलते.

करंट नीट वाचला तर मोटर खूप काही सांगते. सुरू होताना ती नेहमीच्या पाच-सातपट करंट ओढते. 5 एचपीच्या मोटरला चालताना सात-साडेसात अँपियर लागतात, म्हणजे सुरुवातीच्या क्षणी चाळीस-पन्नासच्या घरात. पेटीने ही उसळी थोडा वेळ सोसायची, पण ती उतरलीच नाही तर मोटर अडकली आहे असं समजून बंद करायची. पाणी तुटलं, फुटव्हॉल्व्हमध्ये पालापाचोळा अडकला, तर पंपाला ओढायला काही उरत नाही आणि करंट नेहमीपेक्षा बराच खाली येतो. ही ड्राय रन. पण पाइपातून हवेचा एक बुडबुडा गेला तरी करंट क्षणभर उतरतो, म्हणून काही सेकंद वाट पाहून, पुन्हा मोजून मगच ठरवायचं. एक फेज गेली तर उरलेल्या दोन फेजवर मोटर घुमते, तापते आणि जळते, म्हणून तिन्ही फेज वेगवेगळ्या मोजायच्या. वादळानंतर लाईन जोडताना दोन तारांची अदलाबदल झाली तर मोटर उलटी फिरते, म्हणून फेजचा क्रमही बघायचा. उलट बाजूने, ‘बंद कर’ सांगूनही करंट वाहतच राहिला, तर स्टार्टरचे कॉन्टॅक्ट चिकटले आहेत. अशा वेळी पेटीला काहीच करता येत नाही, पण ‘बंद झाली’ म्हणणं हे खोटं बोलणं आहे. ‘बंद केली, पण करंट चालूच आहे, जाऊन बघा’ हा मेसेज एखाद्याचा जीव वाचवू शकतो.

आता एक पेटी सोडून सगळ्या पेट्यांचा एकत्र विचार करू. एका टीसीवर, म्हणजे ट्रान्सफॉर्मरवर, दहा-पंधरा मोटरी आणि सगळ्यांना ‘ऑटो’. लाईट आली की सगळ्या एकाच सेकंदाला उठतात, सगळ्यांची उसळी एकदम टीसीवर येते, व्होल्टेज कोसळतं, पेट्या कमी व्होल्टेज पाहून मोटरी बंद करतात, व्होल्टेज सावरतं, सगळ्या पुन्हा उठतात. शेवटी फ्यूज जातो आणि हेस्कॉम या वीज कंपनीच्या लाईनमनची वाट बघत पाळी संपते. प्रत्येक पेटी आपापल्या जागी बरोबर वागली, तरी एकत्र चुकल्या. यावर सॉफ्टवेअरचा उपाय अगदी स्वस्त आहे: लाईट आल्यावर प्रत्येक पेटीने वेगवेगळा वेळ थांबायचं. हा वेळ कारखान्यातून सगळ्यांना एकसारखा घालून दिला तर काहीच फरक पडत नाही, म्हणून पेटीच्या अनुक्रमांकावरून किंवा यादृच्छिक आकड्यावरून तो ठरवायचा.

एकाच आदेशाने अनेक यंत्रं एकदम हलण्याचा धोका आपल्या देशाने मोठ्या प्रमाणावर पाहिला आहे. 12 ऑगस्ट 2020 ला, जन्माष्टमीच्या दिवशी, उत्तर प्रदेशात स्मार्ट मीटरना चुकीचा आदेश गेला आणि लखनौसह अनेक शहरांत एक लाखाहून जास्त ग्राहकांची वीज गेली. दूरून घराची वीज तोडण्याची सोय ज्या यंत्रणेत आहे, तिथे एका आदेशाने किती घरं बंद करता येतील याला मर्यादा असायला हवी. अमेरिकेत जानेवारी 2016 मध्ये नेस्ट कंपनीच्या थर्मोस्टॅटना दूरून पाठवलेल्या नव्या सॉफ्टवेअरमुळे त्यांच्या बॅटऱ्या उतरल्या आणि ऐन थंडीत लोकांची घरं गारठली. दूरून सॉफ्टवेअर बदलायचं तर आधी थोड्या यंत्रांवर, मग सगळ्यांवर. जुनी प्रत पेटीत जपून ठेवायची आणि नवी प्रत नीट उठली नाही तर आपोआप जुनीवर परत यायचं. दूधगंगेच्या काठावर प्रत्येक पेटीपाशी लॅपटॉप घेऊन कुणी जाणार नाही.

चिपच्या पोटातही काही जुनी दुखणी आहेत. सॉफ्टवेअर कधीतरी अडकतंच, म्हणून अशा बहुतेक चिपमध्ये वॉचडॉग असतो. रात्री राखणदाराने तासातासाला आरोळी द्यायची आणि आरोळी आली नाही तर मालकाने उठून बघायचं, तशी ही सोय आहे. ठरल्या वेळात प्रोग्रामने खूण दिली नाही तर चिप स्वतःला नव्याने सुरू करते. घाईतला प्रोग्रामर ही खूण टायमरकडून आपोआप द्यायला लावतो, म्हणजे राखणदार झोपला तरी रेकॉर्डवरची आरोळी चालूच. खूण मुख्य कामाच्या वाटेतूनच यायला हवी.

चिपमधली कायमची स्मृती साधारण एक लाख वेळा लिहिता येते. हा आकडा मोठा वाटतो. पण मोटरची स्थिती दर मिनिटाला त्याच जागी लिहिली तर एक लाख मिनिटं सत्तर दिवसांतच भरतात. म्हणून स्थिती बदलली तरच लिहायचं, जागा बदलत लिहायचं आणि दोन प्रती ठेवायच्या, कारण लिहिता लिहिता लाईट गेली तर अर्धवट अक्षरं उरतात.

मिलिसेकंद मोजणारा 32 बिटांचा मोजणीआकडा 49 दिवस 17 तासांनी भरतो आणि पुन्हा शून्यावर येतो. त्या क्षणी वेळेची वजाबाकी चुकीची लिहिली असेल तर पेटी गोंधळते. बोइंग 787 विमानात अशाच जातीचा दोष 2015 मध्ये उघड झाला. विमानाचा वीजपुरवठा सलग 248 दिवस चालू ठेवला तर जनरेटरचं नियंत्रण बंद पडू शकत होतं, आणि अमेरिकेच्या विमान वाहतूक प्रशासनाला तो अधूनमधून बंद करून चालू करण्याचा आदेश काढावा लागला. आपल्याकडे गंमत अशी की लाईट रोज जाते, त्यामुळे बॅटरी नसलेली पेटी रोज नव्याने उठते आणि हा दोष वर्षानुवर्षं झाकलेला राहतो. त्याच पेटीला कंपनीने पुढच्या मॉडेलमध्ये बॅटरी दिली, म्हणजे सुधारणा केली, की ती पन्नास दिवस सलग जगते आणि पहिल्यांदाच अडते.

पावसाळा ही वेगळी परीक्षा. 2019 आणि 2021 च्या महापुरात यमगर्णीजवळ वेदगंगेचं पाणी राष्ट्रीय महामार्गावर आलं होतं. पूर येण्याआधीच शेतकरी मोटरी वर ओढून घेतात आणि पेटी सोडवून घरात ठेवतात. दोन-तीन महिन्यांनी ती परत बसते तेव्हा घड्याळाचा सेल उतरलेला असतो आणि तारीख 1 जानेवारी 2000 झालेली असते. सिमचा 90 दिवस वापर झाला नाही तर नंबरही बंद होऊ शकतो. चुकीची तारीख घेऊन पेटी वेळापत्रकाप्रमाणे मोटर सुरू करू लागली तर अनर्थ. आपल्याला वेळ माहीत नाही हे तिला कळलं पाहिजे, आणि नेटवर्ककडून खरी वेळ मिळेपर्यंत तिने वेळापत्रक बाजूला ठेवलं पाहिजे. याच कुळातली एक तारीख पुढे आहे: 19 जानेवारी 2038, सकाळी 8 वाजून 44 मिनिटं 7 सेकंद. 1970 पासूनचे सेकंद 32 बिटांत मोजणाऱ्या यंत्रांची मोजणी तेव्हा भरेल. आज बसवलेल्या काही पेट्या त्या दिवशी काठावर असतील.

लोकांचा विश्वास सावकाशच बसतो. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी 1888 साली बेळगावात सायकलींच्या दुकानाने सुरुवात केली आणि पुढे लोखंडी नांगर केला, तेव्हा लोखंडाने जमीन नासेल म्हणून शेतकरी तो घ्यायला धजत नव्हते. पण नांगराचा फाळ हाताने तपासता येतो. पेटीतलं सॉफ्टवेअर कुणाला दिसत नाही, म्हणून ते तपासायची जबाबदारी करणाऱ्यावर जास्त आहे. कॉलेजच्या प्रयोगशाळेत हे सहज करता येतं. एका रिलेने पेटीचा पुरवठा रात्रभर अवेळी तोडत राहायचा, अँटेना काढायची आणि लावायची, तोच मेसेज पाचदा पाठवायचा, तारीख पुढे ढकलायची, एक फेज काढून घ्यायची. सकाळी पेटी काय म्हणते ते बघायचं.

विकत घेणाऱ्यालाही दुकानात तीन गोष्टी बघता येतात. मोटरची वायर काढून ‘चालू कर’ म्हणावं. पेटीने ‘चालू झाली’ असं उत्तर दिलं तर ती करंट मोजत नाही. पेटी बंद ठेवून मेसेज पाठवावा, अर्ध्या तासाने ती चालू करावी आणि ती शिळा आदेश पाळते का ते पाहावं. आणि पेटीच्या दारावर ‘हाताने’ आणि ‘मोबाईलने’ असा निवडीचा स्विच आहे का ते बघावं. तो रिलेच्या वायरीतच बसलेला हवा, नुसता चिपला कळवणारा नको, कारण फुटव्हॉल्व्ह काढायला माणूस पाण्यात उतरतो तेव्हा तो स्विच फिरवून जातो, आणि त्यानंतर कोणत्याही फोनने, कोणत्याही मेसेजने, सॉफ्टवेअरच्या कोणत्याही चुकीने ती मोटर फिरता कामा नये.